आपल्या लाइनीवरचे नट

माढ्याहून पुण्याच्या बाजूला जाणाऱ्या गाडीत बसले की वडशिंगे, कुर्डुवाडी, ढवळस, केम, भाळवणी, जेऊर अशी स्टेशने ओळीने येतात. गाडी वेळेवर असली तर फार वेळ लागत नाही. नसली तर विचारू नका. नोकरीनिमित्त आणि चळवळीच्या कामासाठी आम्ही या लाइनीवर वर्षानुवर्षे ये-जा केलेली आहे. केम आले की कुंकवाची आठवण निघायची, कारण केमचे कुंकू प्रसिद्ध. जेऊर आले की करमाळ्याला जाणारे उतरायचे. या दोन स्टेशनांची नावे उभ्या महाराष्ट्राला सिनेमामुळे माहीत होतील असे त्या काळी कोणी सांगितले असते तर आम्ही हसलो असतो.

आज हे लिहिण्याचे कारण घरातलेच आहे. २०१६ साली २९ एप्रिलला ‘सैराट’ प्रदर्शित झाला आणि आमच्या थोरल्या बहिणीच्या मुलाने बारावीला असतानाच नट व्हायचे ठरवले. त्याचा मुद्दा सरळ होता. “मामा, ती पोरं आपल्यासारखीच बोलत्यात, आपल्यासारखीच दिसत्यात. मग मी का नको?” बहीण रडकुंडीला आली आणि त्याला चार गोष्टी सांगायचे काम आमच्यावर आले. आम्ही बीकॉम झालेले कारकून, सिनेमातले आम्हांला काय कळणार! परंतु त्या निमित्ताने या नटांची आणि त्यांना पडद्यावर आणणाऱ्या माणसाची माहिती आम्ही मन लावून गोळा केली. तीच वाचकांपुढे ठेवतो.

नागराज मंजुळे हा करमाळा तालुक्यातल्या जेऊरचा, दगड फोडणाऱ्या वडार समाजातल्या घरात १९७७ साली जन्मलेला माणूस. शाळेत मन रमत नसे, सिनेमात रमे. कोवळ्या वयात दारूचे व्यसन लागले होते, हे त्यांनी स्वतः मुलाखतींतून लपवाछपवी न करता सांगितले आहे. दहावीला ते नापास झाले. आपल्या वस्त्यांतली किती मुले इथपर्यंत येऊन थांबतात, हे वाचकांना आम्ही सांगायला नको. नागराज थांबले नाहीत. व्यसन सुटले, वाचन लागले. फुले आणि बाबासाहेब वाचून आपण बदललो असे ते उघड सांगतात. पुणे विद्यापीठातून त्यांनी मराठीत एम.ए. केले. कविता लिहिल्या, ‘उन्हाच्या कटाविरुद्ध’ हा त्यांचा संग्रह आहे. पुढे नगरला (आता अहिल्यानगर) जनसंज्ञापनाच्या अभ्यासक्रमाला गेले आणि तिथे विद्यार्थी असताना ‘पिस्तुल्या’ हा लघुपट केला. शाळेत जाऊ पाहणाऱ्या पारधी मुलाची ती गोष्ट. त्या लघुपटाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

दिग्दर्शक म्हणून त्यांचे नाव झाले, पण आम्हांला त्यांच्यातला नटही महत्त्वाचा वाटतो. १४ फेब्रुवारी २०१४ ला आलेल्या ‘फँड्री’त त्यांनी चंक्याचे काम केले आहे. सायकलच्या दुकानात बसणारा, गावाने वाया गेलेला ठरवलेला माणूस. जब्या नावाच्या पोराला तो काळ्या चिमणीचा नाद लावतो. त्या चिमणीची राख टाकली की आवडती मुलगी वश होते म्हणे! हा चंक्या काही भला आदर्श पुरुष नाही. पण आख्ख्या गावात जब्याच्या खांद्यावर हात टाकणारा तोच एक आहे. प्रत्येक गावात असा एक चंक्या असतो. आमच्याही गावात होता. २०१८ च्या ‘नाळ’मध्ये ते चैतूचे वडील झाले. तिथे बोलणे कमी, आणि घरात एक गुपित धरून बसलेल्या बापाचा धाक जास्त. २०२३ च्या ‘घर बंदूक बिरयाणी’त त्यांनी पोलीस अधिकारी केला, आमच्या मते तो चंक्याच्या पासंगालाही पुरत नाही.

‘फँड्री’चा खरा नट मात्र सोमनाथ अवघडे. केम गावचा हा मुलगा हलगी वाजवताना नागराजच्या नजरेस पडला. सिनेमात यायला तो आधी तयारच नव्हता, त्याला बराच मनवावा लागला. पडद्यावर तो जब्या झाला: कैकाडी घरातला, डुकरे धरायच्या कामाची लाज वाटणारा, वर्गातल्या शालूवर जीव टाकणारा पोरगा. त्याच्या बापाचे काम किशोर कदम यांनी केले. कसलेला नट आणि कॅमेरा प्रथमच पाहणारा मुलगा शेजारी उभे आहेत, आणि कोण कसलेला ते ओळखू येत नाही. २०१३ सालच्या चित्रपटांसाठी दिल्या गेलेल्या ६१ व्या राष्ट्रीय पुरस्कारांत सोमनाथला उत्कृष्ट बालकलाकाराचा पुरस्कार मिळाला आणि नागराजला पदार्पणातील उत्कृष्ट चित्रपटाचा इंदिरा गांधी पुरस्कार.

आम्ही ‘फँड्री’ घरी सगळ्यांबरोबर पाहिला. त्यात दोन प्रसंग असे आहेत की ते पाहताना घरात कोणी बोलेना. एकदा डुकराच्या मागे पळता पळता शाळेत राष्ट्रगीत सुरू होते आणि जब्या जागच्या जागी उभा राहतो. मग सगळेच उभे राहतात आणि हाताशी आलेले डुक्कर निघून जाते. दुसऱ्या प्रसंगात बाप-लेक मेलेले डुक्कर बांबूला बांधून नेतात आणि मागे शाळेच्या भिंतीवर बाबासाहेबांचे, सावित्रीबाईंचे चित्र दिसते. कोणी भाषण करत नाही. आपण जयंतीला स्टेजवरून तासभर जे सांगतो ते त्या भिंतीने दहा-बारा सेकंदांत सांगितले, हे आम्हांला कबूल करावे लागेल.

आमच्या आईला मात्र वेगळेच खटकले. जब्या जत्रेत हलगी वाजवतो ते तिला पाहवले नाही. ती म्हणाली, “आपण टाकली ती ह्यानं कशापायी उचलली?” आमच्या आजोबांनी १९५६ च्या धम्मदीक्षेनंतर घरातली हलगी टाकून दिली होती, ही आमच्या घराण्यातली अभिमानाची गोष्ट. गावकीचे काम म्हणून, भाकरीच्या तुकड्यावर, लग्नात आणि मढ्यापुढे वाजवायची ती हलगी होती. आम्ही आईला समजावले की सक्तीने वाजवणे वेगळे आणि हौसेने, कला म्हणून वाजवणे वेगळे; या मुलाला तर तिच्यामुळे दिल्लीपर्यंत मान मिळाला. आई म्हणाली, “मान पोराला मिळाला. हलगीला न्हाई.” त्यावर आम्हांला उत्तर सुचले नाही.

‘सैराट’बद्दल फार लिहीत नाही, तो सर्वांनी पाहिलेला आहे. त्यात आर्ची झालेली रिंकू राजगुरू अकलूजची. निवड झाली तेव्हा ती शाळकरी पोर होती. त्या कामासाठी राष्ट्रीय पुरस्कारांत तिचा विशेष उल्लेख झाला. बुलेट चालवणारी, ट्रॅक्टर चालवणारी, पोरांना दम देणारी मुलगी आमच्या बोलीत बोलली आणि लेकी-सुनांनी थिएटरात शिट्ट्या मारल्या. परशा झालेला आकाश ठोसर कुस्ती खेळणारा. परशाचा मित्र लंगड्या झालेला तानाजी गळगुंडे तर आमच्या माढा तालुक्यातलाच. पायाने मुळात अधू असलेला मुलगा नायकाचा जिवलग म्हणून उभा राहिला. नुसत्या हसण्यापुरता तो कुठेच नाही. शेवटी त्या चिमुकल्या पावलांचे ठसे उमटतात तेव्हा शिट्ट्या मारणारे तेच थिएटर कसे चिडीचूप झाले, हे आम्ही पाहिले आहे. आंतरजातीय लग्ने लावताना पोलीस ठाण्यात बसावे लागलेल्या आमच्यासारख्यांना ती गोष्ट नुसती गोष्ट वाटली नाही.

आता भाच्याकडे येतो. आमचे समजावणे फुकट गेले. तो पुण्याला गेला. तिथे एका गृहस्थाने फोटोंचा संच करण्यासाठी म्हणून त्याच्याकडून पैसे घेतले, दोन वेळा ऑडिशनच्या रांगेत उभे केले आणि नंतर फोन उचलणे बंद केले. ते पैसे बहिणीने बचत गटातून काढलेले होते. चार महिन्यांनी पोरगा परत आला तो तोंड चुकवूनच. तेव्हा आम्ही त्याला दोन माणसांच्या गोष्टी सांगितल्या.

पहिली इटलीतली. १९४८ साली तिथे ‘बायसिकल थीव्ह्ज’ हा चित्रपट निघाला. सायकल चोरीला गेलेल्या गरीब कामगाराचे काम लांबेर्तो माज्जोरानी या खऱ्याखुऱ्या कारखाना कामगाराने केले होते. जगभर चित्रपटाचे नाव झाले. तो परत कारखान्यात गेला, पण पुढे कामावरून कमी झाला. नंतर सिनेमात मिळाली ती किरकोळ कामे. दुसरी आपल्या देशातली. १९८८ च्या ‘सलाम बॉम्बे’त चहावाल्या पोराचे काम करणारा शफीक सय्यद याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पुढे त्याने बंगळूरमध्ये रिक्षा चालवली. रिक्षा चालवण्यात कमीपणा नाही, आमचे निम्मे नातेवाईक रिक्षा चालवतात. पण सिनेमाला त्याचा चेहरा एकदाच हवा होता, ही गोष्ट खरी. रस्त्यावरून, वस्तीतून नट उचलणाऱ्या प्रत्येक दिग्दर्शकाला हा प्रश्न विचारला पाहिजे: पुढे काय?

नागराजच्या बाबतीत आम्ही हा प्रश्न मुद्दाम तपासला. त्यांनी या मुलांना एका चित्रपटानंतर वाऱ्यावर सोडले असे दिसत नाही. ‘पिस्तुल्या’तला सूरज पवार ‘फँड्री’त आला आणि ‘सैराट’मध्येही आला. रिंकू, आकाश आणि सोमनाथ २०२२ च्या ‘झुंड’मध्ये पुन्हा दिसले. ‘झुंड’ ही नागपूरच्या झोपडपट्टीतल्या मुलांना फुटबॉल शिकवणाऱ्या विजय बारसे यांच्यावर बेतलेली कथा. त्यातली बरीचशी पोरे वस्तीतलीच घेतली. त्यांतला अंकुश गेडाम याला पुढे फिल्मफेअरचा पदार्पणाचा पुरस्कार मिळाला. आणि अमिताभ बच्चन यांच्यासारखा नट भीमजयंतीच्या प्रसंगात बाबासाहेबांच्या तसबिरीपुढे उभा राहिला. हिंदी सिनेमात ते पाहायला आपल्याला इतकी वर्षे लागली! सोमनाथ २०२१ च्या ‘फ्री हिट दणका’त नायक झाला. तरीही ‘जब्या’एवढे मोठे काम त्याला पुन्हा मिळालेले नाही, हेही सांगितले पाहिजे. काळ्यासावळ्या, गावाकडच्या चेहऱ्यासाठी गोष्टी लिहिणारे एकटे नागराजच असतील तर एका माणसाने किती जणांचे पोट भरायचे?

रिंकूचे एक उदाहरण भाच्याला चांगले लागू पडले. एवढे नाव झाल्यावरही तिने दहावी दिली. २०१९ साली बारावीची परीक्षा तिने आपल्या टेंभुर्णीत दिली. तिला पाहायला गर्दी होईल म्हणून बंदोबस्ताची वेळ आली. तिला ८२ टक्के पडले. आम्ही भाच्याला म्हणालो, “आर्ची टेंभुर्णीत येऊन पेपर लिहून गेली. तू कुर्डुवाडीत राहून फॉर्म भरत नाहीस.” एवढे मात्र त्याला झोंबले.

त्याने बारावी केली आणि मुक्त विद्यापीठातून बी.ए.ही. आता तो कुर्डुवाडीत मोबाईल दुरुस्तीच्या दुकानात बसतो. नटाचे खूळ गेले असे समजू नका. दर १४ एप्रिलला तो वस्तीतल्या पोरा-पोरींना घेऊन पथनाट्य बसवतो. गेल्या वर्षी हुंड्यावर होते. आणि त्यात, आम्हांला न विचारता, त्याने कुठून तरी हलगी आणली.

तालीम आमच्याच अंगणात चालली होती. आई आत बसून होती, बाहेर आली नाही. आम्हांला वाटले आता ऐकून घ्यावे लागणार. बऱ्याच वेळाने ती दारात येऊन उभी राहिली, थोडा वेळ ऐकले आणि आम्हांला म्हणाली, “डाव्या हाताची काडी चुकतीया त्याची.”

मग आत गेली.