अनियतकालिकांचे दशक

डिसेंबर २०२४मध्ये टपालखात्याने नोंदणीकृत पुस्तकटपालाची सवलत बंद केली आणि पुढे आणलेल्या 'ज्ञान पोस्ट' योजनेत नियतकालिकांना थारा दिला नाही, ही वार्ता पुष्कळांच्या दृष्टीआड झाली असेल. परंतु ज्यांनी पदरमोड करून अंक काढले आणि स्वहस्ते पत्ते लिहून ते गावोगावी धाडले, त्यांच्या ती जिव्हारी लागली. दप्तरी अवकृपा जुनीच आहे. ३१ दिवसांहून अधिक खंड न पडू देणाऱ्या प्रकाशनासच वृत्तपत्री दर लागू, असा जुन्या टपाल कायद्याचा दंडक असल्याने, पैसे जमतील तेव्हा निघणारे अनियतकालिक त्या सवलतीस जन्मतःच अपात्र होते.

पन्नाशीच्या दशकात रमेश समर्थ, अरुण कोलटकर आणि दिलीप चित्रे यांनी 'शब्द'द्वारे अशा अनियतकालिकांची वाट पाडली. माझे मन रमते ते साठीच्या दशकात. अशोक शहाण्यांचे 'असो', भालचंद्र नेमाड्यांची 'वाचा', राजा ढाल्यांचे 'येरू' यांमागे ना भांडवल होते ना संस्थेची सनद; स्टेन्सिल कापून सायक्लोस्टाइलवर काढलेला मजकूरही आम्ही हातोहात फिरवून वाचीत असू, आणि अपरिचित कवीच्या ओळींवर रात्र सरेपर्यंत वाद घालीत असू.

हे सारे परक्या, अमेरिकन बीट कवींचे अनुकरण, असा निवाडा देऊन मोकळ्या झालेल्या प्राध्यापकवर्गाने आमच्या पिढीवर अन्याय केला. चित्रे तुकोबांच्या अभंगांच्या इंग्रजी अनुवादात वर्षानुवर्षे बुडाले होते आणि नेमाड्यांच्या 'देशीवादा'चा पाया येथल्याच मातीत होता, याची दखल घेण्याची तसदी त्या मंडळींनी घेतली नाही. १९६९ साली गिरगावात झालेले 'सत्यकथा' या प्रस्थापित मासिकाचे दहन तेवढे लोकांच्या स्मरणात राहिले. वास्तविक लेखन नाकारण्याचा संपादकाचा अधिकार मला तेव्हाही मान्य होता. नाकारले गेलेले लेखन स्वतः छापण्याचा लेखकाचा अधिकार मात्र अनियतकालिकांनी कृतीने सिद्ध केला. त्याच वाटेवर औरंगाबादेत गंगाधर पानतावण्यांचे 'अस्मितादर्श' उभे राहिले आणि दलित लेखकांना हक्काचे व्यासपीठ लाभले.

त्या पिढीचे बळ प्रतिभेइतकेच जोखीम पत्करण्यात होते. आज छपाई सुलभ झाली असूनही नवा लेखक दिवाळी अंकाच्या निमंत्रणाची, अनुदानाच्या मंजुरीची आणि महोत्सवातील आसनाची प्रतीक्षा करीत बसतो, आणि वर्गणी मागितली की वाचक मान फिरवतो, याचे मला मनस्वी दुःख होते. टपालाचा दर वाढल्याने अंक महाग होईल, बंद पडणार नाही. तो बंद पडतो लिहिणाऱ्यांनी खर्चाचा वाटा उचलण्याचे आणि वाचणाऱ्यांनी वर्गणी भरण्याचे सोडले म्हणजे. ज्यांना आपले लेखन कोणी छापीत नाही अशी तक्रार आहे, त्यांनी चार सोबती जमवून, वर्गणी काढून, स्वतःचा अंक काढावा. मराठीतील नवे लेखन याहून निराळ्या मार्गाने फारसे आलेले नाही.