जुन्या मोटारीचा फ्यूज
अँबॅसिडरचे उत्पादन 2014 साली थांबले, तरी जपून ठेवलेल्या गाड्या आजही धावतात. भर पावसात रोग्याला तालुक्याला नेताना वायपर किंवा हॉर्न बंद पडला, तर आधी फ्यूज पाहावा. फ्यूजपेटी बहुधा बॉनेटखाली किंवा डॅशबोर्डखाली असते. चावी बंद करून काचेची नळी काढावी. आतली तार तुटली असल्यास फ्यूज उडाला असे समजावे. तार शाबूत असल्यास टोकांवरचा हिरवट गंज पॉलिशपेपरने घासावा. नवा फ्यूज तेवढ्याच अँपिअरचा हवा. त्याजागी तांब्याची तार किंवा सिगारेटच्या पाकिटातील चंदेरी कागद कदापि घालू नये. वायर तापून गाडी पेट घेते. नवाही लगेच उडाला, तर वायर कोठे घासली आहे ते शोधावे. दोन जादा फ्यूज गाडीत असावेतच.