पटकथाकार शिवराम वाशीकर

नाटककाराची संहिता ग्रंथरूपाने मागे उरते; पटकथाकाराची संहिता मात्र चित्रपटात विरून जाते. दिग्दर्शक, नट आणि गायक यांची कीर्ती टिकते; ज्याने प्रसंगांची जुळणी केली, तो श्रेयनामावलीपुरता उरतो. शिवराम वाशीकर हे या विस्मरणाचे ठळक उदाहरण होय. पुण्याच्या प्रभात कंपनीसाठी त्यांनी ‘संत तुकाराम’ (१९३६), ‘संत ज्ञानेश्वर’ (१९४०) आणि ‘रामशास्त्री’ (१९४४) यांच्या पटकथा लिहिल्या. पैकी पहिल्या चित्रपटाचा १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात गौरव झाला. पण त्याच्या लेखकाचे नाव आज कितीजणांना सांगता येईल?

तुकोबांचे चरित्र लोकांपर्यंत पोहोचले ते मुख्यतः अभंगांतून आणि महिपतींच्या (१७१५–१७९०) संतचरित्रांतून. त्या चरित्रांत चमत्कार हाच प्रसंगाचा कळस असतो. चित्रपटातही चमत्कार आहेत. परंतु ते एका भुकेल्या घरात घडतात. आजारी मुलाला ओढत देवळात नेऊन देवावर जोडा उगारणारी जिजाई ही भक्तीची विरोधक नव्हे. संसाराची बाजू मांडणारी ती खरी वादी आहे. तिच्या प्रश्नाला वजन आहे, म्हणूनच तुकोबांच्या विरक्तीलाही वजन येते.

दुसरे पात्र साळोमालोचे. तुकोबांच्या रचनांवर तो स्वतःचा हक्क सांगतो. येथे एक विलक्षण योग ध्यानात घेण्याजोगा आहे. याच चित्रपटासाठी शांताराम आठवले यांनी रचलेले एक गीत अनेकांनी तुकोबांचाच अभंग म्हणून स्वीकारले. पडद्यावर एकजण दुसऱ्याचे शब्द आपले म्हणवतो. पडद्यामागे दुसरा आपले शब्द संताच्या नावे जाऊ देतो. वाशीकरांचे लेखनही याच जातीचे आहे.

‘रामशास्त्री’मध्ये चमत्काराचा आधार नव्हता. १७७३ साली नारायणराव पेशव्यांचा खून झाला, आणि रामशास्त्री प्रभुणे यांनी रघुनाथरावांना देहान्त प्रायश्चित्त सांगितले, ही कथा प्रत्येक मराठी प्रेक्षकाला ठाऊक होती. निर्णय आधीच माहीत असताना उत्कंठा टिकवायची, तर ‘काय घडणार’ यापेक्षा ‘हे उच्चारण्याचे बळ कोठून येते’ हा प्रश्न पुढे आणावा लागतो. म्हणून येथे न्यायाधीशाच्या निकालाइतकीच त्याची घडण महत्त्वाची ठरते.

पटकथेला वाङ्मय म्हणावे की नाही, याविषयी मतभेद राहतील. परंतु महाराष्ट्राच्या मनातील तुकोबा आणि रामशास्त्री घडविण्यात ज्याचा वाटा आहे, त्या लेखकाची नोंद घेतल्यावाचून तो वाद पुरा होणार नाही.