रोज सहा क्विंटल ज्वारी

१९०१च्या शिरगणतीत हिंगणघाटची लोकसंख्या भरली १२,६६२. कापसाची पेठ, दोन गिरण्या, जिनिंग-प्रेसिंगचे कारखाने, मारवाडी व्यापारी, सगळे धरून. त्याच सुमारास पुण्याजवळ केडगावला, पंडिता रमाबाईंच्या मुक्ती मिशनमध्ये, दीड हजार तरी माणसं राहत होती. बहुतेक मुली आणि बायका. म्हणजे हिंगणघाटातल्या दर आठ माणसांमागे इथे एक.

आता चुलीचा हिशेब मांडू. माणशी चारशे ग्रॅम ज्वारी धरा (अंदाज माझा, तोही हात आखडून). रोज सहा क्विंटल! वर्षाला दोन हजारांहून जास्त. माणशी चार म्हटल्या तरी दिवसाला सहा हजार भाकरी थापायच्या, आणि तेही दुष्काळाच्या वर्षांत.

सुरुवात मात्र दोघींपासून झाली. मार्च १८८९, मुंबई, रमाबाईंचं शारदा सदन. तिथली पहिली विधवा विद्यार्थिनी गोदूबाई, म्हणजे पुढे धोंडो केशव कर्व्यांच्या पत्नी. मग १८९६-९७चा दुष्काळ आला. हिंगणघाट तेव्हा मध्य प्रांतात. त्याच प्रांतात फिरून रमाबाईंनी शेकडो मुली आणल्या. त्यांचे स्वतःचे आईवडील १८७४ मध्ये उपासमारीतच गेले होते. सदन तोवर पुण्यात हललं होतं, पण प्लेगमुळे तिथे या मुलींना ठेवायला मनाई झाली, म्हणून केडगावचं शेत. १९००च्या दुष्काळात गुजरातेतून आणखी मुली आल्या.

आणि पैसा? बोस्टनच्या रमाबाई असोसिएशनने दहा वर्षांचा भार उचलला होता, ती मुदत १८९८ला संपली. दीड हजाराचा आकडा त्यानंतरचा! रमाबाईंपुढे उदाहरण होतं ब्रिस्टलच्या जॉर्ज म्यूलर यांचं: कुणाकडे थेट न मागता हयातीत दहा हजारांवर अनाथ सांभाळले, सुमारे १५ लाख पौंड जमले. त्यांच्याही आधी जर्मनीत, हाले गावी, फ्रांके यांनी १६९५ मध्ये दानपेटीतल्या चार थालर सोळा ग्रोशेनवर गरीब मुलांची शाळा काढली. १७२७ मध्ये ते वारले तेव्हा तिथे दोन हजारांवर मुलं शिकत होती.

मुलींच्या ख्रिस्ती धर्मांतराचा वाद या आकड्यांना चिकटलेलाच आहे. १८९३ मध्ये कित्येक पालकांनी शारदा सदनातून मुली काढून नेल्या. उपाशी पोराची संमती खरी किती, हा प्रश्न मला आजही रास्त वाटतो. पण दुष्काळात त्या मुलींपुढे दुसरं दार कोणतं होतं, हेही विचारावं लागेल. केडगावात त्या लिहाय-वाचायला शिकल्या, विणकाम शिकल्या, छापखाना चालवू लागल्या. रमाबाईंनी मूळ हिब्रू-ग्रीकवरून केलेल्या मराठी बायबलाचे खिळे याच छापखान्यात बायकांनी जुळवले.