दीड हात भिंत

दिवाळी तोंडावर आली की घरोघरी भिंतींचे दिवस येतात. एरवी वर्षभर जिच्याकडे पाठ करून आपण बसतो, तिच्याकडे तोंड करून उभे राहायचे हे चार-आठ दिवस. पोपडे खरवडायचे, भेगा लिंपायच्या, रंगाच्या दोन छटांवरून घरात दोन तट पाडायचे आणि शेवटी गृहिणीचेच म्हणणे मान्य करायचे! या साऱ्या धांदलीत भिंतीच्या एका जागेकडे मात्र कुणाचेच लक्ष जात नाही. रंगारी कुंचला तिच्या कडेने फिरवून पुढे सरकतो. ती जागा म्हणजे बाहेरची वीज जिथून घरात शिरते ते भोक.

आजचा हा लेख त्या भोकाविषयी आहे. विषय ऐकून कुणी हसेल, खुशाल हसावे. पण हसून झाल्यावर एक प्रश्न स्वतःला विचारावा: हे भोक कुणाचे? ते पाडतो गवंडी, त्यातून केबल ओवतो वायरमन, खांबावर तिचे टोक जोडतो लाइनमन आणि पैसे देतो आपण. चौघांनाही वेगवेगळे गाठून विचारले, तर प्रत्येकजण दुसऱ्याकडे बोट दाखवतो. आमच्या घराचे काम निघाले तेव्हा मी हा प्रयोग प्रत्यक्ष करून पाहिला आहे.

आमचे वाशीम हे जिल्ह्याचे गाव झाले १९९८ साली, अकोल्यापासून वेगळे होऊन. पण गाव म्हणून त्याचे वय फार मोठे. वाकाटकांच्या एका शाखेची राजधानी वत्सगुल्म ती हीच. ज्या हरिषेण राजाच्या काळात अजिंठ्याच्या भिंती चितारल्या गेल्या, तो याच शाखेतला. तेव्हा भिंतींशी आमचे नाते जुने आहे, असे म्हणायला हरकत नाही! जुन्या वस्तीतल्या घरांच्या भिंती मातीच्या, नाहीतर मातीत बसवलेल्या विटांच्या. दीड-दीड हात जाडीच्या. त्या बांधणाऱ्याच्या स्वप्नातही वीज नव्हती. नव्या वसाहतींतल्या भिंती नऊ इंची, सिमेंटच्या. दोन्हींतून केबल एकच जाते; पण दोन्ही भिंतींचा स्वभाव निराळा.

भोकाच्या मालकीचा प्रश्न मी उगाच काढलेला नाही. खांबापासून मीटरपर्यंतची जबाबदारी वीजकंपनीची आणि मीटरनंतरची आपली, अशी साधारण वाटणी आहे. पूर्वी मीटर घरात, ओसरीवर असे. म्हणजे भिंतीतून येणारी तार कंपनीच्या बाजूची. आता वाचन घेणे सोयीचे व्हावे म्हणून मीटर घराबाहेर, दर्शनी भिंतीवर बसवतात. मीटर बाहेर गेला तशी भिंतीतली तार गुपचूप आपल्या पदरात आली. किती घरमालकांना हे ठाऊक आहे?

आणि या दीड हातांचे महत्त्व काय, तेही ऐका. घरात आपण मेन स्विच लावतो, एमसीबी लावतो, हल्ली आरसीसीबीही लावतो. हे सगळे पहारेकरी आपल्यापुढच्या तारांवर नजर ठेवतात. पाठीमागच्या तारेशी त्यांचा संबंध नाही. मीटर बाहेर, मेन स्विच आत आणि मध्ये भिंत अशी रचना असेल आणि मीटरपाशी काहीच संरक्षण नसेल, तर भिंतीतल्या तुकड्यावर घरातला एकही पहारेकरी लक्ष ठेवून नसतो. तिथे फेज आणि न्यूट्रल चिकटले तर त्यांना तोडायला बाहेरचा कुठला तरी फ्यूज उरतो, आणि तो असतो साऱ्या गल्लीचा भार सोसण्याइतका जाड. तो वितळेपर्यंत भिंतीतली तार तापत राहते; जवळ सागवानी तुळईचे टोक असेल तर पुढचे सांगायला नको.

म्हणून पहिली गोष्ट ही की मीटर बाहेर असेल तर त्याच्या लगतच, बंद पेटीत, आपल्या बाजूचा एमसीबी हवा. तिथून पुढे भिंत.

आमच्याकडे आलेला वायरमन परवानाधारक ठेकेदाराचा माणूस होता. मीटरच्या आधीच्या तारेला आणि खांबाला हात लावायचा अधिकार त्यालाही नाही, आणि त्याने तो लावलाही नाही. पण मीटरच्या पुढचे त्याने जे केले, ते मी पायरीवर बसून पाहिले. आधी त्याने भोक कुठे पाडायचे यावरच अर्धा तास घालवला. गवंडी सब्बल घेऊन ताटकळत उभा. तुळईच्या टोकाखाली नको, दाराच्या माथ्यावर नको, न्हाणीच्या भिंतीत नको, आतल्या बाजूला जुन्या तारा गेल्या असतील तिथे नको, आणि गॅसचे सिलिंडर ठेवतो त्या कोपऱ्याच्या वर तर मुळीच नको. एवढे ‘नको’ ऐकल्यावर जी वीतभर जागा उरली, तिथे त्याने खडूने फुली मारली.

मग भोक. ते त्याने सरळ पाडू दिले नाही. बाहेरचे तोंड आतल्या तोंडापेक्षा दोन बोटे खाली, म्हणजे भिंतीत उतार बाहेरच्या बाजूला. मी कारण विचारले. तो म्हणाला, “गुरुजी, पान्याले वाट आपनच दाखवा लागते. नाही दाखवली तं ते सोताच शोधते!”

त्या भोकात त्याने नुसती केबल ओवली नाही. आधी नळी बसवली, भिंतीच्या दोन्ही बाजूंना थोडी बाहेर येईल अशी. तिच्या कापलेल्या कडा कानशीने घासून गुळगुळीत केल्या, तोंडांना बुश बसवले. कारण केबलचे आवरण भिंतीत कापले जाते ते बहुधा नळीच्याच धारेने. फेज आणि न्यूट्रल एकाच नळीतून. लोखंडी नळ्या वापरायच्या असतील तर हा नियम विशेष पाळावा. दोघांना दोन वेगळ्या लोखंडी नळ्यांत घातले तर लोखंड उगाच तापते. आणि नळीच्या आत जोड मुळीच नाही. जिथे डोळ्यांना दिसत नाही तिथे जोड नको, हा नियम तर इतका सरळ आहे की तो मोडायला धाडसच लागते; पण दोन हात केबल कमी पडली की हे धाडस सर्रास होते! त्यातही बाहेरची ॲल्युमिनियमची तार आणि आतली तांब्याची, यांना नुसता पीळ घालून वर चिकटपट्टी गुंडाळली, तर ओलाव्याने तो जोड आतून खात जातो आणि तापू लागतो. असा जोड योग्य कनेक्टरमध्ये, उघडता येणाऱ्या पेटीतच हवा.

नळीत शिरण्यापूर्वी बाहेर केबलला खाली झोळ द्यायचा. पावसाचे पाणी केबलवरून ओघळत येते, झोळाच्या तळाशी थांबते आणि तिथून ठिपकते. भिंतीत शिरायला त्याला चढ चढावा लागतो. इतकी साधी युक्ती! खर्च वीतभर केबलचा. तरी वाशिमात हिंडून पाहा, किती केबली वरून थेट उतरून भोकात घुसलेल्या दिसतात. पहिल्या पावसात त्या घरांच्या मीटरखाली तपकिरी ओघळ उमटतो आणि घरातली मंडळी म्हणतात, “भिंतीला ओल आली.”

पाण्याची आणखी एक वाट आहे, ती मला नवीन होती. केबलच्या पोटात तार असते ती अनेक तारांचा पेड. खांबावरचे कापलेले टोक वर तोंड करून उघडे राहिले, तर पाणी त्या पेडांच्या फटींतून, आवरणाच्या आतून, खाली मीटरपर्यंत येऊ शकते. बाहेरून केबल ठणठणीत कोरडी आणि मीटरच्या पेटीत मात्र पाणी! हे खांबावरचे काम आपले नाही. पण पेटीत ओल दिसली तर तक्रार करताना हे अवश्य सांगावे.

आता मातीच्या भिंतीची गोष्ट. आमची वऱ्हाडी काळी जमीन पावसाळ्यात फुगते आणि उन्हाळ्यात आकसते. वैशाखात तिला अशा भेगा पडतात की हातातली काठी आत जाईल. तिच्यावर उभे असलेले घरही मग वर्षाकाठी थोडे हलते. भिंतीला तडे जातात ते काही सगळेच गवंड्याच्या पापाने नव्हेत. नळीशिवाय, नुसती गिलाव्यात गाडलेली केबल या हालचालीत चिमटली जाते. नळीत असेल तर मोकळी राहते. नळीभोवतीची फट बुजवताना मातीच्या भिंतीला निव्वळ सिमेंट थापू नये. ते मातीला नीट धरत नाही, सुटून येते आणि मागे पाण्याला आयता खिसा तयार होतो. चुना बरा. नळीची तोंडेही, केबल ओवून झाल्यावर, भरून घ्यावीत. नाहीतर उंदीर, पाली आणि वाळवी यांना राजमार्गच.

हीच काळी जमीन अर्थिंगलाही फसवते. ओली असताना ती वीज छान वाहून नेते. पण मे महिन्यात भेगाळली की पुरलेल्या नळापासून दूर सरते, आणि नेमके कूलर चालण्याच्या दिवसांत अर्थिंग दुबळे होते. कूलर म्हणजे लोखंडी पेटी, पाणी आणि वीज यांचे एकत्र कुटुंब! उन्हाळ्यात अर्थिंगच्या खड्ड्यात नियमाने पाणी घालावे आणि वायरमनकडून एकदा ते मोजून घ्यावे.

इथवर मी हसतखेळत लिहीत आलो. पुढची हकीकत तशी नाही. आमच्या एका नातलगांच्या गावी टिनपत्र्यांचे घर होते. सर्व्हिस वायर खांबावरून येऊन पत्र्याच्या पन्हाळीला टेकून आत गेली होती. वाऱ्याने ती वर्षानुवर्षे पत्र्याच्या धारेवर घासत राहिली. श्रावणातल्या एका सकाळी घरातली सून अंगणात कपडे वाळत घालायला गेली. कपड्यांची तार एका टोकाला त्याच पत्र्याच्या लोखंडी खांबाला बांधलेली. तिचा ओरडा ऐकून सासऱ्यांनी धावत जाऊन घरातला मेन स्विच पाडला. काही उपयोग झाला नाही. कारण पत्र्यात वीज शिरत होती ती मेन स्विचच्या आधीच्या तारेतून. घर अंधारात गेले, आणि पत्रे जिवंतच राहिले. तिचा मुलगा आईकडे झेपावत होता, त्याला शेजाऱ्याने मागे ओढले. म्हणून तो तरी वाचला.

ती तार पत्र्यापासून वीतभर दूर, चिनी मातीच्या इन्सुलेटरवर ताणलेली असती. भिंतीपर्यंत तिचा भार केबलने नव्हे, तर तिच्यासोबतच्या आधाराच्या तारेने पेलला असता. आणि कपड्यांसाठी लोखंडी तारेऐवजी नायलॉनची दोरी असती, तर? ‘तर’ला अर्थ नाही. पण आपल्या घरी या तिन्ही गोष्टी आजच पाहता येतात. केबल रस्ता ओलांडून येत असेल तर तिची उंचीही पाहावी. किमान ५.८ मीटर, म्हणजे एकोणीस फूट, हे माप १९५६च्या भारतीय विद्युत नियमांपासून चालत आले आहे. सोयाबीनच्या पोत्यांनी शिगोशिग भरलेली ट्रॉली आणि वर बसलेला माणूस डोळ्यांसमोर आणला की ते माप कशासाठी हे कळते.

“पण फ्यूज जातोच की!” असे म्हणणारे पुष्कळ भेटतात. त्यांच्यासाठी थोडा हिशोब. नऊ वॅटच्या एलईडी दिव्यातून साधारण चाळीस मिलिअँपिअर वीज वाहते. तेवढीच माणसाच्या छातीतून काही क्षण गेली तर प्राणावर बेतते. आणि सोळा अँपिअरचा एमसीबी सोळा हजार मिलिअँपिअर निमूट जाऊ देतो. म्हणजे तो तारेला वाचवतो, माणसाला नव्हे. माणसासाठी निराळे यंत्र लागते. गेलेली वीज आणि परत आलेली वीज यांची ते तुलना करते आणि फरक पडला की तत्क्षणी प्रवाह तोडते. अमेरिकेत कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या चार्ल्स डाल्झिएल यांनी अशा यंत्राचा तिकडचा नमुना १९६१ साली तयार केला. माणसाचे शरीर किती वीज सोसते याचा अभ्यास त्यांनी आधी वर्षानुवर्षे केला होता. आपल्याकडे घरासाठी तीस मिलिअँपिअरचा आरसीसीबी मिळतो. त्यावर चाचणीचे एक बटण असते. ते शोभेचे नाही, मधूनमधून दाबावे. दाबूनही वीज गेली नाही, तर पहारेकरी झोपला आहे असे समजावे.

गंमत पाहा, इंग्लंडात वीजजोडणीचे पहिले नियम निघाले १८८२ साली, आणि ते निघाले आगीच्या भीतीपोटी. त्याच वर्षी मुंबईच्या क्रॉफर्ड मार्केटात, आजच्या महात्मा जोतिबा फुले मंडईत, विजेचे दिवे लावून पाहिले गेले. म्हणजे वीज आणि तिची भीती जवळजवळ हातात हात घालूनच आल्या. पुढे वीज घरोघर पोचली. भीती मात्र वाटेत कुठेतरी उतरून गेली.

आता सणाचे. आकाशकंदिलाची वायर त्या भोकातून, मुख्य केबलच्या सोबतीने ओवण्याचा मोह पुष्कळांना होतो; भोक आयतेच असते ना! ते करू नये. खिडकीच्या फटीत चेपूनही नेऊ नये. फळी लावताना ती चिरडते. ओसरीवर झाकणाचा एक निराळा प्लग काढून घ्यावा, आरसीसीबीच्या पुढचा. रंगाऱ्याची शिडी लावण्याआधी केबल कुठून जाते ते त्याला दाखवावे. शिडी लोखंडी असेल तर बांबूची मागवावी. केबल सोललेली, काळवंडलेली, पत्र्याला टेकलेली दिसली किंवा भोकाभोवतीची भिंत हाताला गरम लागली, तर स्वतः काही न करता परवानाधारक वायरमनला बोलवावे. दोष मीटरच्या अलीकडचा, खांबाच्या बाजूचा असेल तर १९१२ या क्रमांकावर कळवावे.

आमच्या शेजारच्या काकूंच्या घरी नळीचे आतले तोंड उघडे राहिले होते. कुंभारीण माशीने त्यात सुबक मातीचे घर बांधले, अगदी ठोक गिलावा करून. वायरमनने ते पाहिले, काकूंकडे पाहिले आणि म्हणाला, “काकू, हिले मजुरी द्या. माह्यापरीस बेस काम केलं हिनं!” मग त्याने वीज बंद करून ते काढले आणि तोंड नीट भरून दिले.