नाणं टाका, वाट बघा

अमेरिकेतल्या बारमध्ये १९४० च्या सुमारास माणसाहून उंच असं एक लाकडी कपाट येऊन उभं राहिलं. त्याचं नाव पॅनोरॅम. ते बनवणारी शिकागोची मिल्स नॉव्हेल्टी कंपनी मुळात जुगाराच्या यंत्रांवर मोठी झालेली. फटीत दहा सेंट टाकले की वरच्या पडद्यावर तीनेक मिनिटांचा नाचगाण्याचा बोलपट सुरू व्हायचा. त्याला म्हणत ‘साउंडी’.

कपाटाच्या पोटात १६ मिमीचा प्रोजेक्टर असे. त्याचा झोत आरशांवरून वळवून पडद्याच्या मागच्या बाजूवर पाडायचा. आरशात डावं-उजवं बदलतं, म्हणून प्रिंटच उलटी काढत. मूळ प्रिंट साध्या प्रोजेक्टरवर चढवली, तर आजही नावं उलट्या अक्षरांत दिसतात.

एका रिळावर आठ साउंडी, एकीला एक जोडलेल्या. आपल्याकडच्या इराण्याच्या ज्यूकबॉक्समध्ये हवं ते गाणं लावता यायचं. इथे पुढे जे येईल ते मुकाट बघायचं. नर्तकी बघायला आलेल्याच्या नशिबी आधी भलताच गायक यायचा, आणि खिशातलं पुढचं नाणं निघायचं. माझ्या मते ही अडचण नव्हे, हाच धंदा होता. बर्लेस्कचा, म्हणजे हळूहळू कपडे उतरवत रंगमंचावर होणाऱ्या नाचाचा, जीवही ताटकळवण्यातच!

पण रंगमंचावरचा सैलपणा इथे चालणारा नव्हता. न्यूयॉर्कचे महापौर ला गार्डिया यांनी १९३७ मध्ये बर्लेस्क थिएटरांवर परवान्यांचा बडगा उगारला होता, आणि काही राज्यांत सेन्सॉर बसलेले. त्यामुळे साउंडीतल्या नर्तकी दाखवण्यापेक्षा हुलकावणीच जास्त देत. त्यातली उस्ताद सॅली रँड. १९३३ च्या शिकागो जागतिक प्रदर्शनाच्या काळात शहामृगाच्या पिसांचे दोन प्रचंड पंखे फिरवत ती गाजली, अटकही झाली. उघड्यावर वाऱ्यात पंखे आवरेनात, तेव्हा तिने भलामोठा पारदर्शक फुगा घेतला. पंखा असो की फुगा, कसब एकच: पुढे सरकायचं, आणि नजर पोचण्याआधी आड व्हायचं. अंगाहून त्या वस्तूचाच नाच अधिक बघण्यासारखा.

१९४७ पर्यंत साउंडी संपल्या. लवकरच बारमध्ये टीव्ही आला. काही पॅनोरॅमचा पडदा झाकून एकट्याने डोकावण्यापुरती जागा ठेवली गेली. अशी कपाटं करमणुकीच्या गाळ्यांत गेली आणि आत वस्त्रं उतरवण्याचे नाच फिरू लागले. घोळक्यासाठी बनलेलं यंत्र असं एडिसनच्या १८९४ च्या किनेटोस्कोपपाशी परत पोचलं: एक नाणं, एक भोक, वाकलेला एक माणूस.