तारापूरचं ‘पॉज’ बटण

माइनक्राफ्टच्या जावा आवृत्तीत एकट्याने खेळणाऱ्या मुलाने एस्केपची कळ दाबली की ते जग खरोखर थांबतं. सेकंदाला २० टिक या ठेक्याने चाललेला हिशेब थबकतो, भट्टीतलं लोखंड अर्धं वितळलेलं राहतं, अंगावर येणारा झॉम्बी जागच्या जागी खिळतो. हेच जग मित्रांसाठी लॅनवर खुलं केलेलं असेल, किंवा खेळ सर्व्हरवर चालला असेल, तर मात्र एस्केपने नुसता मेनू समोर येतो. जग मागे चालूच राहतं आणि मेनू वाचता वाचता खेळाडू मरू शकतो. म्हणून तिथे थांबायची रीत वेगळी: आधी चार भिंतींच्या आत यायचं, दार लावायचं आणि मगच बाहेर पडायचं. सर्व्हर ज्याच्याकडे आहे त्याने ‘स्टॉप’ ही आज्ञा देऊन जगाची नोंद डिस्कवर उतरू द्यायची. थेट वीज तोडली तर अर्धवट लिहिलेली फाइल बिघडू शकते. संगणक ‘स्लीप’मध्ये टाकणं हाही पक्का उपाय नाही, कारण खेळाची सगळी स्थिती तेव्हा रॅममध्ये असते आणि रॅमला जिवंत राहायला थोडी का होईना वीज लागते. बॅटरी नसलेल्या संगणकाची लाइट गेली की ती स्थितीही गेली.

पोरखेळ वाटावा असा हा तपशील पालघर जिल्ह्यात मोठ्या माणसांनीही नीट समजून घ्यावा, असं म्हणायला कारण आहे. ज्या यंत्राला थांबवणं हेच सर्वांत अवघड काम आहे, असं यंत्र याच किनाऱ्यावर १९६९ पासून उभं आहे. तारापूर अणुवीज केंद्राबद्दल बोलताना आपण ‘चालू’ आणि ‘बंद’ असे दोनच शब्द वापरतो. ‘युनिट ट्रिप झालं’, ‘शटडाऊन लागलाय’ ही बोईसरची रोजची भाषा आहे. शटडाऊन म्हणजे कंत्राटी कामगारांना चार दिवस जास्त काम, हेही सगळ्यांना ठाऊक. पण बंद म्हणजे स्वस्थ, निर्धोक, कुलूप लावून ठेवण्याजोगं, असं जे आपण मनात धरून चालतो ते चुकीचं आहे. अणुभट्टी कायम सर्व्हरवरच्या खेळासारखी वागते. एकट्याने खेळायचा खेळ ती कधीच नसते.

तारापूरची पहिली दोन युनिटं अमेरिकेच्या जनरल इलेक्ट्रिक कंपनीच्या रचनेची, उकळत्या पाण्याच्या जातीची. १९६४ मध्ये करार झाला आणि ऑक्टोबर १९६९ मध्ये व्यापारी वीजनिर्मिती सुरू झाली. भारतातलं हे पहिलं अणुवीज केंद्र. मूळ क्षमता प्रत्येकी २१० मेगावॉट होती, ती पुढे १६० वर आणली गेली. शेजारची तिसरी आणि चौथी युनिटं भारतीय बनावटीची, जड पाण्याची, प्रत्येकी ५४० मेगावॉटची. चौथं २००५ मध्ये आणि तिसरं २००६ मध्ये व्यापारी तत्त्वावर चालू झालं. दोन्ही जोड्यांची थांबण्याची तऱ्हा निराळी आहे. जुन्या भट्टीत भांड्याच्या वरच्या बाजूला वाफ कोरडी करणारी यंत्रणा बसलेली असल्यामुळे नियंत्रक दांडे वरून सोडता येत नाहीत, ते खालून वर ढकलावे लागतात. गुरुत्वाकर्षणाची मदत नाही, म्हणून त्यासाठी पाण्याचा दाब आधीच साठवून ठेवलेला असतो. नव्या भट्टीत कॅडमियमचे २८ दांडे स्वतःच्या वजनाने खाली पडतात; ते कमी पडले तर गॅडोलिनियम नायट्रेटचं द्रावण थेट जड पाण्यात सोडणारी दुसरी, पूर्ण स्वतंत्र व्यवस्था आहे. कुठल्याही रीतीने साखळी प्रक्रिया काही सेकंदांत तुटते. इथवर सगळं एस्केपच्या कळीसारखंच.

पुढे मात्र खेळाशी असलेलं साम्य संपतं. युरेनियमचे अणू फुटताना जे तुकडे तयार झालेले असतात, ते स्वतःही किरणोत्सारी असतात आणि आपापल्या वेगाने क्षीण होत राहतात. त्यांना दांडा लागू पडत नाही, द्रावण लागू पडत नाही, कुणाचा हुकूमही नाही. साखळी तुटल्याच्या क्षणी ही उरलेली उष्णता पूर्ण शक्तीच्या साडेसहा-सात टक्के असते, तासाभरात दीडेक टक्क्यांवर येते आणि दिवसाने अर्ध्या टक्क्याच्या आसपास राहते. टक्के ऐकायला लहान आहेत. ५४० मेगावॉट वीज देणारी भट्टी उष्णता मात्र सतराशे मेगावॉटहून थोडी अधिक निर्माण करते. तिचे सात टक्के म्हणजे सव्वाशे मेगावॉटच्या घरातली उष्णता. दिवसभराने, ‘बंद’ पडून २४ तास झाल्यावरही, ती आठ-नऊ मेगावॉट उरते, आणि ती सतत कुठेतरी वाहून न्यावी लागते. नेहमी ती अरबी समुद्राच्या पाण्यात जाते. पण समुद्राचं पाणी खेचायला पंप लागतात आणि पंपांना वीज लागते. भट्टी थांबली म्हणजे वीज विकणारं केंद्र एका क्षणात विजेचं गिऱ्हाईक बनतं. ग्रिडही गेली असेल तर डिझेल जनरेटर, आणि तेही नसतील तर बॅटऱ्या.

जुन्या युनिटांच्या रचनाकारांना ही अडचण माहीत होती. त्यांनी इमर्जन्सी कंडेन्सर ठेवला, आणि ती व्यवस्था जवळून पाहण्यासारखी आहे. भट्टीतली वाफ आपोआप वर चढते, उंचावरच्या पाण्याच्या टाकीत बुडवलेल्या नळ्यांतून जाते, थंड होऊन तिचं पाणी होतं आणि ते पाणी उतारानेच परत भट्टीत येतं. पंप नाही, मोटर नाही. टाकीतलं पाणी उकळून उडत राहील तितका वेळ ही साखळी चालते. नंतर टाकी भरावी लागते. यावर कुणी म्हणेल, की मग काळजी कसली, निसर्गच यंत्र थंड करतो आहे. या आक्षेपाला उत्तर जपानने दिलं. फुकुशिमा दाइचीचं पहिलं युनिटही जनरल इलेक्ट्रिकच्या याच कुळातलं होतं आणि त्यातही असाच कंडेन्सर होता. ११ मार्च २०११ च्या भूकंपात ती भट्टी अगदी नियमाप्रमाणे, व्यवस्थित थांबली. कंडेन्सर सुरू झाला आणि भांडं फार झपाट्याने थंड होऊ लागलं. जाड पोलादाला तासाला ५५ अंशांहून वेगाने थंड करायचं नाही हा नियम असल्याने चालकांनी तो अधूनमधून बंद-चालू करायला घेतला. पन्नासेक मिनिटांनी त्सुनामी आली तेव्हा झडप बंद होती, आणि ती उघडायला लागणारी वीज समुद्राने नेली. त्या केंद्रात तीन भट्ट्यांचा गाभा वितळला, आणि तिन्ही भट्ट्या तेव्हा रीतसर ‘बंद’ होत्या. पंप न लागणारी व्यवस्थासुद्धा शेवटी एका झडपेवर, ती उघडी की बंद हे दाखवणाऱ्या एका दिव्यावर आणि तो दिवा वाचणाऱ्या माणसावर टेकलेली असते.

थांबण्याइतकीच अडचण पुन्हा सुरू करण्याची. खेळात थांबलो तिथूनच पुढे जाता येतं. तारापूरच्या तिसऱ्या-चौथ्या युनिटांत तसं नाही. भट्टी थांबल्यावर आयोडीनपासून झेनॉन-१३५ साठत जातो आणि तो न्यूट्रॉन गिळतो. अर्ध्या-पाऊण तासात पुन्हा सुरू केली नाही तर भट्टी स्वतःच्याच विषाने दबते आणि झेनॉन ओसरेपर्यंत दीडेक दिवस वाट पाहावी लागते. म्हणजे चालकापुढे घड्याळ लावून ठेवलेली घाई असते. ट्रिप का झाली हे न शोधता लगेच चालू करावं की शोधत बसून दीड दिवसाची वीज गमवावी? सुरक्षेच्या बाजूने उत्तर उघड आहे. पण ते रोज, प्रत्येक पाळीत, निर्मितीच्या आकड्यांचं ओझं डोक्यावर असताना द्यावं लागतं. थांबण्याचा खर्च मोजायला जी संस्था तयार नाही, तिचे चालक थांबायला कचरतील, हे सांगायला अणुशास्त्र शिकावं लागत नाही.

दुसरा आक्षेप तारापूर एमआयडीसीच्या फाटकावर ऐकू येऊ शकतो: हे सगळं अणुभट्टीचं नखरेल दुखणं आहे, आमचे रसायनांचे कारखाने स्विच काढला की बंद. इतिहास उलट बोलतो. भोपाळमध्ये २ डिसेंबर १९८४ च्या रात्री वायुगळती झाली तेव्हा मिथाइल आयसोसायनेट बनवणारा विभाग चालू नव्हता. उत्पादन ऑक्टोबरमध्येच थांबलं होतं. साठा मात्र टाकीत होता, आणि तो थंड ठेवणारी यंत्रणा कित्येक महिने बंद होती. वापरात नाही तर थंड कशाला ठेवा, हा विचार हिशेबाच्या वहीत शहाणपणाचा दिसतो. विशाखापट्टणममध्ये ७ मे २०२० च्या पहाटे एलजी पॉलिमर्सच्या टाकीतलं स्टायरीन बाहेर आलं आणि बारा जण गेले. कारखाना टाळेबंदीमुळे थांबलेला होता. पडून राहिलेलं स्टायरीन नीट घोळवलं गेलं नाही, ते पुरेसं थंड राहिलं नाही, त्याला आवरणारं रसायन कमी पडलं, आणि ते आपल्या आपण तापत गेलं. दोन्ही ठिकाणी पॉज दाबला की काम संपलं असं धरलं गेलं, असं म्हटलं तर अतिशयोक्ती होणार नाही. बोईसरच्या औद्योगिक पट्ट्यात औषधांची आणि रंगद्रव्यांची बॅच भांड्यात असताना लाइट गेली की ढवळणी थांबते, थंड पाणी थांबतं. भांड्यातली क्रिया थांबेलच असं नाही.

तिसरा आक्षेप अधिक वजनाचा आहे, आणि तो टाळून चालणार नाही. जे यंत्र मनासारखं थांबवता येत नाही ते वापरायचंच कशाला? डहाणू-तलासरीत नोव्हेंबर २०१८ पासून जमीन वारंवार हादरली, धुंदलवाडीच्या लोकांनी थंडीत घराबाहेर रात्री काढल्या, आणि हे सगळं याच जिल्ह्यात. कोळशाचं केंद्र बंद केलं की राख निवते, अणुकेंद्राचं तसं नाही, हा फरक खरा आहे आणि प्रचारपत्रकांनी तो झाकू नये. तरीही माझा निष्कर्ष ‘नको’ असा निघत नाही. थांबल्यानंतरची उष्णता अज्ञात नाही. ती किती, केव्हा आणि किती वेळ, हे आधी सांगता येतं, आणि जे आधी सांगता येतं त्याची तयारी करता येते. फुकुशिमानंतर भारतीय केंद्रांत बाहेरून पाणी जोडण्याच्या जागा केल्या गेल्या, कारण सगळी वीज गेली तरी अग्निशमन बंबाने पाणी घालता यावं. अट एवढीच, की ही तयारी कागदावरून उतरून हातांत बसलेली असावी.

हातांत बसवण्याचं काम होतं तिथेच खेळ आणि भट्टी पुन्हा भेटतात. अणुकेंद्राच्या चालकांना सिम्युलेटरवर शिकवतात: हुबेहूब नियंत्रण कक्ष, मागे संगणकात चाललेली भट्टी. प्रशिक्षकाजवळ ‘फ्रीझ’ची सोय असते. ती वापरली की दाब, तापमान, पाण्याची पातळी सगळं एकाच क्षणावर थांबतं, त्या स्थितीची नोंद ठेवता येते, मागे जाऊन तोच बिघाड पुन्हा घालता येतो. हा खराखुरा सुरक्षित पॉज, आणि तो शिकवण्यासाठी अमोल आहे. पण फ्रीझ केलेल्या पडद्यासमोर विचार करायला जेवढा वेळ मिळतो तेवढा खऱ्या कक्षात मिळत नाही. म्हणून सरावाचा काही भाग तरी फ्रीझ न करता, थांबवलेली भट्टी आठ-आठ तास सांभाळण्याचाच असायला हवा. बिघाडाची पहिली दहा मिनिटं रंगतदार असतात. अपघात बहुधा त्यानंतरच्या कंटाळवाण्या तासांत पिकतात.

तारापूरची पहिली दोन युनिटं २०२० मध्ये दीर्घ दुरुस्तीसाठी थांबवली गेली. भट्टीभोवतीच्या नळ्या बदलण्यासारखी कामं त्यात होती, आणि पन्नाशी ओलांडलेल्या यंत्राला ती करावीच लागणार होती. त्या काळात ‘तारापूर बंद आहे’ असं सर्रास म्हटलं गेलं. पण भट्टीतून काढलेलं इंधनही पाण्याखाली, थंड आणि पहाऱ्यात ठेवावं लागतं. त्याला सुट्टी नसते. तेव्हा पुढच्या वेळी पालघरच्या वर्तमानपत्रात ‘युनिट बंद’ अशी चार ओळींची बातमी आली, तर वाचकांनी आणि बातमीदारांनी तीन प्रश्न जरूर विचारावेत: थांबून किती तास झाले, उष्णता कुठे जाते आहे, आणि पंपांची वीज कुठून येते आहे. केंद्रानेही त्यांची उत्तरं मराठीत, त्याच दिवशी द्यावीत.